अर्ज, मुदत आणि आपला नोकरदार

१

पौड हे मुळशी तालुक्याचे मुख्य ठिकाण. तालुक्याची महसुली कामे इथल्या तहसील कचेरीत चालतात आणि गावगाड्याची उरलेली कामे पंचायत समितीत. आपल्या समाजातील पहिल्या पिढीचा नोकरदार असल्याच कचेऱ्यांतून वर आला. शिपाई, कोतवाल, तलाठी, ग्रामसेवक, प्राथमिक शिक्षक या जागांवर तो बसला आणि त्याच्या एका पगारावर दोन-तीन घरे उभी राहिली. म्हणून अशा माणसाला नोकरीतून काढले जाते तेव्हा एक माणूस बेकार होतो एवढेच घडत नाही. धाकट्या भावाचे शिक्षण थांबते, बहिणीचे लग्न मोडते आणि वस्तीतल्या पोरांना शिकून काय मिळते याचे उत्तर मिळते.

एक उदाहरण समजा. मुळशीतल्या एकाच गावातले तीन नोकरदार एकाच दिवशी बडतर्फ झाले : तलाठी, ग्रामसेवक, आणि गावच्या खाजगी संस्थेच्या अनुदानित हायस्कुलातील शिक्षक. (पहिल्या दोन पदांची सरकारी नावे अलीकडे बदलली, पण लोकांच्या तोंडी तीच आहेत.) तिघांचीही विभागीय चौकशी सदोष झाली असे धरू. तिघांनाही न्याय मागता येतो, परंतु तिघांची घड्याळे वेगळी आहेत.

तलाठी राज्य शासनाचा नोकर. त्याला १९७९ चे महाराष्ट्र नागरी सेवा शिस्त व अपील नियम लागू. हुकूम हाती पडल्यापासून ४५ दिवसांत खात्याकडे अपील, आणि त्यानंतर महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे 'मॅट'. तेथे १९८५ च्या कायद्याप्रमाणे मुदत एक वर्ष. अपिलावर सहा महिन्यांत निर्णय आला नाही तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष. ग्रामसेवक जिल्हा परिषदेचा नोकर. त्याला १९६४ चे वेगळे नियम, आणि त्याच्यासाठी मॅटचे दार नाही. त्याने खात्यातले अपील संपवून मुंबईला उच्च न्यायालयात रिट अर्ज करायचा. तेथे कायद्यात दिवस मोजून दिलेले नाहीत. उशीर झाला की नाही हे न्यायमूर्तींनी ठरवायचे. शिक्षकाला १९७७ चा खाजगी शाळा कर्मचाऱ्यांचा कायदा. त्याची मुदत सर्वांत तोकडी : शाळा न्यायाधिकरणाकडे ३० दिवसांत अपील.

आता विचारा : या तिघांपैकी किती जणांना बडतर्फीच्या दिवशी हे ठाऊक असते? आणि ठाऊक नसल्यावर ते काय करतात? ते अर्ज करतात. साहेबांना अर्ज, मोठ्या साहेबांना अर्ज, आमदारांच्या शिफारशीसह अर्ज, मंत्र्यांना अर्ज, मागासवर्गीय आयोगाला अर्ज. प्रत्येक अर्जाची पोच ते प्लास्टिकच्या पिशवीत जपून ठेवतात. चार-सहा वर्षांनी ती पिशवी घेऊन वकिलाकडे जातात, तेव्हा वकील पहिला प्रश्न विचारतो, "इतके दिवस काय करत होता?" पिशवीतल्या पोचा हे त्याचे उत्तर असते. न्यायालयाला ते उत्तर चालत नाही.

ही सवय आपल्याला कोठून लागली आणि न्यायालयाला ती का चालत नाही, या दोन प्रश्नांचा इतिहास आपण पाहिला पाहिजे.

२

आपला समाज सरकारी चाकरीत १९४७ नंतर आला हे अर्धसत्य आहे. महार हा पिढ्यान्‌पिढ्या गावचा व सरकारचा नोकर होता. सारा पोहोचवणे, सरकारी टपाल नेणे, हद्दी दाखवणे, अंमलदारांच्या पुढे धावणे ही सगळी कामे वतनदार महाराची. १८७४ च्या मुंबई इलाख्याच्या वतन कायद्याने या चाकरीला कायद्याची चौकट दिली. त्या चौकटीत कलेक्टर हाच धनी. काम ठरवणारा तो, चुकीबद्दल दंड करणारा तो, कामावरून दूर करणाराही तोच.

मग अन्याय झाल्यास दाद कोठे? याचे उत्तर दोन वर्षांनी आलेल्या १८७६ च्या मुंबई महसूल अधिकारक्षेत्राच्या कायद्यात आहे. त्याच्या चौथ्या कलमाने वतनी हुद्द्याच्या मिळकतीबद्दलचे सरकारविरुद्धचे दावे, गावनोकराचे काम करण्याच्या हक्काबद्दलचे दावे आणि त्या कामातून वगळल्यामुळे झालेल्या नुकसानीचे दावे दिवाणी न्यायालयाच्या कक्षेबाहेर ठेवले. गावनोकराला काढले तर न्यायाधीशाने ऐकूनच घ्यायचे नाही, असा हा कायदा. त्या काळात आपल्या माणसाला उशीर होण्याचा प्रश्नच नव्हता. ज्या दाराला कुलूप आहे तेथे वेळेवर पोहोचला काय आणि उशिरा पोहोचला काय!

न्यायालय बंद म्हणून अर्ज. या अर्जाला कमी लेखण्याचे कारण नाही. शिवराम जानबा कांबळे यांनी १९०२ साली सासवडला ५१ गावच्या महारांची सभा भरवली आणि सरकारकडे अर्ज केला. १९१० साली भारतमंत्र्यांपर्यंत विनंती नेली. लष्कर, पोलीस आणि सरकारी नोकऱ्या आम्हांला खुल्या करा, ही मागणी. सासवड पुरंदर तालुक्यातले, म्हणजे पुणे जिल्ह्यातलेच. ज्यांना लिहू दिले नव्हते त्यांनी सरकारदरबारी लेखी म्हणणे मांडले, हे त्या काळचे बंडच होते. पुढे १९२८ मध्ये बाबासाहेबांनी मुंबई कायदेमंडळात वतन कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक आणले आणि अर्जाच्या जागी हक्काची भाषा आणली. वतने प्रत्यक्षात गेली ती कनिष्ठ गावनोकरांची वतने रद्द करणाऱ्या १९५८ च्या कायद्याने, १ ऑगस्ट १९५९ पासून. तेथेही मुदत होतीच. वतनाची जमीन पुन्हा आपल्या नावावर करून घ्यायची तर ठरलेल्या मुदतीत कब्जेहक्काची रक्कम भरायची. न भरल्यास आपल्याच जमिनीवर बेकायदा ताबेदार ठरायचे.

आणि हे केवळ गावनोकराचेच नव्हते. इंग्रजी अमलात सर्वच सरकारी नोकर सरकारच्या मर्जीवर होते. मद्रासच्या सरकारी छापखान्यातील व्यंकटराव नावाच्या नोकराचा दावा १९३० नंतरच्या दशकात प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेला. नियमाप्रमाणे चौकशी झाली नाही हे मान्य झाले. तरीही उत्तर मिळाले की, नियम मोडले म्हणून नोकराला न्यायालयात जाता येत नाही. त्याने वरिष्ठांकडे दाद मागावी. म्हणजे सर्वोच्च न्यायासनानेच सांगितले, अर्ज करा! दीडशे वर्षांची ही शिकवण एका संविधानाने अंगातून जात नाही.

३

२६ जानेवारी १९५० ला कुलूप निघाले. संविधानाच्या ३११ व्या कलमाने नागरी सेवकाला बडतर्फ करण्यापूर्वी, काढून टाकण्यापूर्वी वा पदावनत करण्यापूर्वी आरोप कळवणे आणि म्हणणे मांडण्याची वाजवी संधी देणे बंधनकारक केले. २२६ व्या कलमाने उच्च न्यायालय आणि ३२ व्या कलमाने सर्वोच्च न्यायालय नागरिकाला खुले झाले. ३२ वे कलम हा संविधानाचा आत्मा आहे, असे बाबासाहेबांनी ९ डिसेंबर १९४८ रोजी घटना समितीत सांगितले होते.

परंतु दार उघडल्यावर थोड्याच वर्षांत त्यावर घड्याळ लागले. मुंबईच्या एका व्यापारी पेढीने विक्रीकर खात्याने जप्त केलेली रक्कम परत मागितली. त्या खटल्यात, म्हणजे तिलोकचंद मोतीचंद खटल्यात, पाच न्यायमूर्तींनी आपापली मते वेगवेगळी लिहिली. पण बहुमताने उशिराच्या कारणावरून पेढीचा अर्ज फेटाळला गेला. मूलभूत हक्काच्या मागणीलाही उशीर बाधतो, हे त्यातून पक्के झाले. व्यापाऱ्याच्या पैशाच्या भांडणात पडलेला हा दंडक पुढे शिपायाच्या भाकरीला लागू झाला.

नोकरदारांच्या बाबतीत निर्णायक निकाल १९८९ चा. मध्य प्रदेशातील एस. एस. राठोर यांच्या खटल्यात सात न्यायमूर्तींच्या पीठाने सांगितले की, नियमांत सांगितलेले अपील केले असेल तर त्याच्या निकालापासून मुदत मोजावी, आणि निकालच आला नाही तर सहा महिने थांबून मोजावी. मात्र नियमांत नसलेले अर्ज, पुन:पुन्हा केलेल्या विनंत्या यांनी मुदत वाढत नाही. पिशवीतल्या पोचांचे मोल या निकालाने संपले.

आपल्यातले काही सुशिक्षित म्हणतात, "हुकूमच बेकायदा आहे, मग मुदत कसली?" याचेही उत्तर येऊन गेले आहे. पंजाबच्या गुरुदेव सिंग खटल्यात १९९१ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, हुकूम बेकायदा असला तरी तो रद्द करून घ्यावा लागतो, आणि त्यासाठी दावा तीन वर्षांच्या आत आला पाहिजे. बेकायदा हुकूम आपोआप मरत नाही. त्याला कोणी हात लावला नाही तर तो कायदेशीर हुकमासारखाच राज्य करतो.

४

दुसरा एक युक्तिवाद आपली माणसे फार विश्वासाने करतात. "मला काढले तेव्हापासून दर महिन्याला माझा पगार बुडतो आहे. म्हणजे अन्याय रोज चालू आहे. मग उशीर झाला कसा?" ऐकायला हे पटते. याचे उत्तर ज्या खटल्यात दिले गेले तो पुणे जिल्ह्यातलाच, आळंदीचा आहे.

आळंदीच्या ज्ञानेश्वर महाराज संस्थानात गुरव पिढ्यान्‌पिढ्या सेवा करीत. आपण वंशपरंपरागत पुजारी, असा त्यांचा दावा. हे आमचे नोकर, असे विश्वस्तांचे म्हणणे. १९११ साली विश्वस्तांनी काही गुरवांना सेवेतून काढले. त्यानंतर दाव्यांवर दावे झाले. शेवटी प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १९५९ साली न्यायमूर्ती गजेंद्रगडकरांनी निकाल लिहिला. गुरवांच्या वतीने मांडले गेले की, आमचा हक्क रोज नाकारला जातो, म्हणून हा चालू राहणारा अन्याय आहे. न्यायालयाने म्हटले : काढून टाकण्याचे कृत्य त्या दिवशीच पुरे झाले. इजा त्या दिवशी पूर्ण झाली. नंतर राहिला तो तिचा परिणाम. परिणाम टिकून राहिला म्हणून अन्याय चालू आहे असे होत नाही. दावा मुदतबाह्य.

देवळाच्या सेवेकऱ्यांचा हा खटला सरकारी नोकरदारांच्या प्रकरणात आजही वाचला जातो. २००८ च्या तरसेम सिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने त्याचाच आधार घेऊन फरक स्पष्ट केला. पगार वा पेन्शन चुकीच्या हिशेबाने दिली जात असेल तर दर महिन्याची चूक नवी. तेथे उशिरा आलेल्यालाही दाद मिळू शकते, मात्र थकबाकी साधारणपणे मागील तीन वर्षांपुरतीच. बडतर्फीचा हुकूम मात्र आळंदीच्या गुरवांसारखा. तो एकदाच घडतो, आणि त्याच दिवसापासून घड्याळ चालू होते.

गुरव आणि महार यांचे गावातले स्थान सारखे नव्हते, हे खरे. तरीपण पिढीजात सेवा हाच हक्क मानून बसलेल्या माणसाला हक्काचा कागद व त्याची तारीख मागणारी नवी व्यवस्था कशी गाठते, हे दोघांच्याही नशिबी आले.

५

मुदतीचा कायदा मुळातच जुलमी आहे, असे म्हणणे उथळपणाचे होईल. काढलेल्याच्या जागी दुसरा येतो, त्याची ज्येष्ठता ठरते, त्याला बढती मिळते. राखीव जागा असेल तर तो दुसराही आपल्यातलाच असतो. साक्षीदार मरतात, कागद वाळवीला जातात. दहा वर्षांनी सत्य शोधणे न्यायाधीशालाही कठीण. हे सर्व मान्य केले पाहिजे. आपल्यातला प्रत्येक बडतर्फ नोकरदार निर्दोष असतो असेही नाही. प्रश्न निर्दोषपणाचा नाही, ऐकून घेतले जाण्याचा आहे.

प्रश्न असा की उशीर होतो कशाने? न्यायालय त्याला हयगय म्हणते. हयगय हा शब्द ज्याच्या हाती काही होते त्याला शोभतो. निलंबित नोकरदाराच्या हाती काय असते ते पाहू.

पहिली गोष्ट पैसा. मुंबई नागरी सेवा नियमांत एक तरतूद होती. फौजदारी न्यायालयात शिक्षा झालेल्या निलंबित नोकराचे अपील चालू असले तरी त्याला निर्वाह भत्ता दरमहा नाममात्र एक रुपया! चंद्रभान ताले यांच्या खटल्यात १९८३ साली सर्वोच्च न्यायालयाने ही तरतूद रद्द केली. म्हणजे तोवर महाराष्ट्रात माणसाने महिन्याला एका रुपयात जगावे आणि वर लढावेही, अशी कायद्याची अपेक्षा होती. मध्य प्रदेशातील घनश्यामदास श्रीवास्तव यांची चौकशी त्यांच्या राहत्या ठिकाणापासून सुमारे ५०० किलोमीटरवर जगदलपूरला होती. भत्ता न मिळाल्याने ते जाऊ शकले नाहीत आणि त्यांच्या गैरहजेरीत बडतर्फी झाली. १९७३ साली ती रद्द ठरली. पण रद्द ठरली ती श्रीवास्तव न्यायालयापर्यंत पोहोचले म्हणून.

दुसरी गोष्ट कागद. चौकशी अधिकाऱ्याच्या अहवालाची प्रत शिक्षेपूर्वी नोकरदाराला मिळालीच पाहिजे, हे १९९० च्या नोव्हेंबरात ठरले आणि १९९३ च्या करुणाकर निकालात पक्के झाले. तेही २० नोव्हेंबर १९९० नंतरच्या शिक्षांनाच लागू. त्याआधी शिक्षा झालेल्या माणसाने काय करायचे? त्याला तारखेने मारले.

तिसरी गोष्ट अंतर. ताम्हिणीच्या बाजूच्या गावातून पौडला यायचे, पौडहून पुणे, पुण्याहून मुंबई. ऑगस्ट २०२५ मध्ये कोल्हापूरला उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले, परंतु पुणे जिल्हा त्यात नाही. मुळशीच्या ग्रामसेवकाला मुंबईच गाठावी लागते.

चौथी गोष्ट कागदावर कोठेच येत नाही. चौकशीत आपली बाजू मांडायला सहकारी कर्मचारी घेता येतो. पण साहेबांच्या विरोधात, आणि तेही आपल्यातल्या माणसासाठी, उभा राहणारा सहकारी मिळवणे किती अवघड आहे हे कचेरीत काम केलेल्याला सांगायला नको. शिवाय लाज. कोट्यातून आला आणि खाऊन गेला, हे वाक्य पाठीमागे ऐकू येत असताना माणूस वर्षभर घराबाहेरच पडत नाही. ते वर्ष मॅटच्या मुदतीचे वर्ष असते.

न्यायालयांनी हे कधी पाहिले आहे, कधी पाहिलेले नाही. पूर्वीच्या हैदराबाद राज्यातून मुंबई राज्यात आलेल्या तहसीलदारांच्या बढतीचा देवधर खटला १९७३-७४ चा. सरकारने दहा-बारा वर्षांच्या उशिराची हरकत घेतली. उशिराचा नियम हा कायदा नसून व्यवहाराची रीत आहे, असे म्हणून न्यायालयाने ती हरकत बाजूला सारली. नोकरीबाहेरचे उदाहरण घ्यायचे तर मराठवाड्यातील दिगंबर या शेतकऱ्याचे. १९७१-७२ च्या दुष्काळी कामांत रस्त्यासाठी जमीन गेली, मोबदला मिळाला नाही. वीस वर्षांनी त्यांनी मागणी केली. उच्च न्यायालयाने दिली; सर्वोच्च न्यायालयाने १९९५ साली उशिराच्या कारणावरून काढून घेतली. उलट हिमाचल प्रदेशातील निरक्षर विधवा विद्यादेवी यांची जमीन १९६७-६८ मध्ये रस्त्यात गेली होती. त्यांना २०२० साली त्याच सर्वोच्च न्यायालयाने मोबदला दिला. दोघांची गरिबी सारखी, निकाल उलटे. ज्याच्या आयुष्याचे उदाहरण व्हायचे आहे त्याने अशा अनिश्चिततेवर भिस्त ठेवू नये.

आणि सरकारचा उशीर? १९८७ च्या कातिजी निकालात जम्मू-काश्मीर सरकारला चार दिवसांचा उशीर माफ करताना न्यायालयाने उदार दृष्टीचा पुरस्कार केला. तो निकाल गरिबालाही उपयोगी आहे, पण त्याचा लाभ वर्षानुवर्षे सरकारी खात्यांनीच अधिक उठवला. अखेर २०१२ साली टपाल खात्याच्या एका प्रकरणात न्यायालयाला सांगावे लागले की, फाईल टेबलावरून टेबलावर फिरत होती हे उशिराचे कारण होऊ शकत नाही. विभागीय चौकशी सहा महिन्यांत, फार तर वर्षात संपवावी, असे प्रेमनाथ बाली खटल्यात २०१५ साली सांगितले गेले. नोकरदाराने मुदत चुकवली तर नोकरी कायमची जाते. खात्याने चौकशी लांबवली तर नवी तारीख पडते.

६

मग आपण काय करायचे? सभेत ठराव करून मुदतीचा कायदा बदलत नाही. तो बदलण्याची मागणी जरूर करावी. निदान तलाठी, ग्रामसेवक व शिक्षक यांना एकाच तऱ्हेची मुदत असावी आणि शिक्षेच्या हुकमातच दाद कोठे व किती दिवसांत मागायची हे मराठीत छापलेले असावे, ही मागणी तर आजच करता येईल. पण तोवर नोकऱ्या जातच राहणार.

म्हणून तालुक्या-तालुक्यात कार्यकर्त्यांनी व शिक्षकांनी हे काम अंगावर घ्यावे. हुकूम ज्या दिवशी हाती पडला ती तारीख लिहून ठेवा. नियमांतले अपील एकच, ते मुदतीत करा. सहा महिने कॅलेंडरवर मोजा. उत्तर आले नाही तर वाट पाहू नका, न्यायालय गाठा. माहितीच्या अधिकारात कागद जरूर मागा, पण ते येईपर्यंत मुदत थांबत नाही हे ध्यानात ठेवा. उशीर झालाच असेल तर आजारपण, भत्ता न मिळणे, प्रत न मिळणे या कारणांचे कागद जोडून विलंब माफीचा अर्ज करा. नुसती गरिबी सांगून भागत नाही. "तुमच्या अर्जाचा विचार करू" असे उत्तर मिळवून जुनी मागणी जिवंत करण्याची जी युक्ती पूर्वी चालत असे, ती २००८ च्या सी. जेकब निकालानंतर चालत नाही. तेथे १९८२ साली नोकरी गेलेला माणूस अठरा वर्षांनी अर्ज घेऊन आला होता. मेलेली मागणी अर्जाने जिवंत होत नाही, हा त्याचा सारांश.

आणि वकिलाला द्यायला पैसे नाहीत म्हणून कोणी घरी बसू नये. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या १२ व्या कलमाने अनुसूचित जाती व जमातींच्या व्यक्तीला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळण्याचा हक्क दिला आहे. तालुक्याला समिती आहे, जिल्ह्याला प्राधिकरण आहे, उच्च न्यायालयात समिती आहे. हे कलम आपल्या किती नोकरदारांना माहीत आहे?

सासवडच्या सभेतल्या माणसांनी अर्ज केला, कारण त्यांच्यापुढे दुसरे दार नव्हते. त्यांच्या त्या अर्जाने आपण कचेरीत आलो. आज दुसरे दार आहे, ते ठरावीक दिवसच उघडे असते, आणि आपण अजून पहिल्याच दारात पोच हातात धरून उभे आहोत. पौडच्या कचेरीत उद्या एखाद्या पोराच्या हाती बडतर्फीचा कागद पडेल. त्याच संध्याकाळी त्याच्या घरी कोणी तरी जावे आणि त्याला दिवस मोजायला शिकवावे, इतके जरी आपल्याला जमले तरी एक घर वाचेल.